कॅप्टनची गिनती

परवा दुपारी ऑफिसात बसलो असताना व्हॉट्सॲपवर आमच्या जुन्या चाळीच्या गणेशोत्सव मंडळाच्या स्मरणिकेचं प्रूफ आलं. यंदा मंडळाचं पंचाहत्तरावं वर्ष. चाळ पाडून तिथे टॉवर झाला आणि मी त्याआधीच शीवला राहायला आलो होतो, तरी मंडळाच्या कागदोपत्री मी अजून 'सल्लागार' आहे. सल्ला कोणी विचारत नाही. प्रूफं मात्र माझ्याकडे येतात, कारण मला ऱ्हस्व-दीर्घ कळतं असा एक समज आहे. सध्याची कार्यवाह आमच्याच मजल्यावरची मुलगी, माझ्यासमोर वाढलेली. तिने खाली लिहिलं होतं, "काका, पान अकरा एकदा बघा आणि ओके टाका. उद्या छापायला जातंय."

पान अकरावर मंडळाचा इतिहास होता आणि त्यात हे वाक्य होतं: 'चाळीतील रहिवासी व माजी युद्धकैदी कॅप्टनसाहेब यांच्या मनावर कैदेचा परिणाम झाला होता, तरीही मंडळाने त्यांच्या शौर्यावर हलता देखावा सादर करून त्यांचा यथोचित सन्मान केला.'

ऱ्हस्व-दीर्घ सगळं बरोबर आहे. मजकूर खोटा आहे. चाळीतल्या माणसांपैकी हे आज फक्त मला ठाऊक आहे, कारण ते खोटं माझं आहे. दोन दिवस झाले, मी ओके टाकलेलं नाही. तिला 'जरा थांब' एवढंच कळवलंय.

आमची चाळ डिलाईल रोडच्या आतल्या गल्लीत होती. तिसऱ्या मजल्यावर आमच्या बाजूला सहा खोल्या आणि बावीस माणसं. हा बावीसचा आकडा मला आजही पाठ आहे, कारण रोज संध्याकाळी साडेसातला कॅप्टनसाहेब तो मोठ्याने म्हणायचे. हात मागे बांधून ते जिन्यापासून निघायचे आणि प्रत्येक दारापुढे थांबून विचारायचे, "किती?" आतून कोणीतरी पोळ्या लाटता लाटता ओरडायचं, "पाच, कॅप्टन! सगळे आले." कोणी सेकंड शिफ्टला असेल, तर तो 'बाहेर, कामावर' म्हणून धरला जायचा. शेवटच्या खोलीशी पोचले की टाच जुळवून, कोणालाही उद्देशून नाही असं म्हणायचे, "बावीस. बरोबर." मग आपल्या खोलीत जाऊन पान वाढून घ्यायचे. ह्याला ते गिनती म्हणत. गिनती जुळल्याशिवाय ते जेवत नसत. त्यामुळे सिनेमाला वगैरे गेलेला माणूस जिन्यातूनच ओरडत यायचा, "कॅप्टन, आलो हो! जेवा!" आमच्या चाळीत मुलगी उशिरा आली तर आई तिला ओरडायची ते "लोक काय म्हणतील" म्हणून नाही, तर "तुझ्यापायी कॅप्टन उपाशी बसलेत" म्हणून.

त्यांचे वडील गिरणीत टाइमकीपर होते. ती खोली त्यांचीच. मुलगा शिकून फौजेत अधिकारी झाला हे त्या काळी चाळीला फार अपूर्वाईचं वाटलं असणार. एकाहत्तरच्या लढाईत तो सीमेपलीकडे पकडला गेला, वर्षभर कैदेत राहिला, परत आला, कॅप्टन झाला आणि थोड्याच दिवसांत फौज सोडून पुन्हा त्याच खोलीत येऊन राहिला. लग्न केलं नाही. मला कळायला लागलं तेव्हा ते एका बंद पडलेल्या गिरणीत सिक्युरिटी ऑफिसर होते. आत यंत्रं नाहीत, माणसं नाहीत, आणि हे बूट चकचकीत करून तिचं रक्षण करायला जायचे. आम्ही पोरं विचारायचो, "कॅप्टन काका, तिथे चोरायला आहे काय?" ते म्हणायचे, "कबुतरं. एकशेदहा."

त्यांच्या खोलीच्या दाराला आतून कडी नव्हती. त्यांनी ती स्वतः काढून टाकली होती आणि चार स्क्रूंची भोकं पुट्टी भरून बुजवली होती. दार कायम सताड उघडं. पावसाळ्यात गॅलरीतून पाणी आत जायचं, मांजरं जायची, भाजीवाली टोपली टेकायला जायची. आणि रोज अर्धी भाकरी ते वाटीखाली झाकून ठेवायचे, सकाळी उठल्यावर आधी ती खायचे आणि मग चहा. भूक असो नसो. माझ्या आईला ह्याचं फार वाटायचं. ती मालवणची. कधी मासे केले की वाटी घेऊन जायची आणि परत येऊन म्हणायची, "गरम भाकरी दिलंय, तरी अर्धी झाकून ठेवल्यानी. कोणासाठी ठेवतत कोण जाणे." बाबा म्हणायचे, जरा सटकलेलाच आहे तो. त्यावर आई तडकायची, "पिसो नाय हा तो. तुमच्यापेक्षा शहाणो आसा."

पण कॅप्टनसाहेबांची खरी कीर्ती वेगळ्याच गोष्टीसाठी होती. ते रफू करायचे. सहा फूट उंचीचा, मिशीवाला फौजी माणूस खिडकीशी स्टुलावर बसून, नाकावर चष्मा ओढून, सुईत केसासारखा धागा ओवायचा. साडी खिळ्याला अडकली, शर्टला उदबत्तीचं भोक पडलं, की बायका त्यांच्याकडे धाव घ्यायच्या. पैसे घेत नसत. मात्र कपडा देणाऱ्याला समोर बसवून ठेवायचे. "रफूला बाजारातला दोरा चालत नाही," हे त्यांचं ठरलेलं वाक्य. "त्याच कपड्याच्या दुमडीतून काढायचा. उस्ताद म्हणायचे, परका दोरा लावलास की पहिल्या धुण्यात उघडा पडशील." हा उस्ताद म्हणजे भेंडीबाजारातला कोणी शिंपी असणार असं सगळ्या चाळीने ठरवून टाकलं होतं.

माझ्या पहिल्या इंटरव्ह्यूच्या आदल्या दिवशी माझी एकुलती एक बरी पँट सायकलच्या चेनमध्ये फाटली. मी ती घेऊन गेलो. त्यांनी विचारलं, "किती जण?" खोलीत येणाऱ्या प्रत्येकाला ते हेच विचारत, समोर एकटा दिसत असला तरी. "एकटाच," मी म्हटलं. "बस." दोन तास लागले. झाल्यावर पँट उजेडाकडे धरून म्हणाले, "शोध." मी शोधलं. सापडेना. नोकरी काही मिळाली नाही, पण त्यानंतर मी त्यांच्याकडे जाऊन बसायला लागलो. बी. कॉम. होऊन रिकामा बसलो होतो, थोडंफार लिहायचो, आणि गोष्टी सांगणारं माणूस मला हवंच होतं.

ते गोष्टी सांगत नसत. सुई चालू असताना मध्येच एखादं वाक्य टाकायचे. ती वाक्यं जोडायला मला सहा महिने लागले.

ते तेव्हा लेफ्टनंट होते. एका ठाण्यावर त्यांच्या हाताखाली चौदा जवान. तीन बाजूंनी वेढा पडला, गोळ्या संपल्या, स्वतःच्या मांडीत छर्रा घुसलेला. मागे निरोप जात नव्हता. "बनियन काढलं," ते म्हणाले. "काठीला बांधलं आणि वर केलं. माझंच बनियन. धुतलेलंही नव्हतं." मी ज्या गोष्टी ऐकल्या होत्या त्यांत अधिकारी शेवटच्या गोळीपर्यंत लढायचे. त्यांनी धागा दाताने तोडला आणि म्हणाले, "चौदा होते. चौदाच्या चौदा घरी आले. मी नेले तेवढे आणले."

कैदेत अधिकाऱ्यांना वेगळं ठेवत, जवानांना दुसऱ्या छावणीत. दिवसातून तीन वेळा गिनती व्हायची. स्वतःचा नंबर म्हणून झाला की हे मनातल्या मनात चौदा म्हणायचे. ते चौदा आहेत का, जिवंत आहेत का, काही कळायला मार्ग नव्हता. मांडीची जखम चिघळली होती, ताप उतरत नव्हता. तिथे एक म्हातारा हवालदार पहाऱ्यावर असे. त्याने घरून हळद आणली, कडुनिंबाचा पाला आणला, वरच्यांच्या नजरेआड जखम धुतली. तोच दर आठवड्याला रसदीच्या गाडीबरोबर दुसऱ्या छावणीत जायचा. एकदा ह्यांनी त्याला विचारलं. पुढच्या खेपेला तो आला, दाराशी उभा राहिला आणि नुसतं म्हणाला, "पूरे चौदह हैं, साहब." त्यानंतर दर आठवड्याला तो हा आकडा आणून द्यायचा. त्याचे वाडवडील रफूचं काम करायचे. तापातून उठल्यावर ह्यांचे हात थरथरायला लागले तेव्हा त्याने सुई आणून दिली आणि कांबळ्याच्या काठाचा दोरा काढून शिकवलं. तो उस्ताद.

"पळून जावंसं नाही वाटलं?" मी विचारलं होतं.

"पळून? एक पळाला की मागे राहिलेल्यांचे हाल. चौदा तिथे, आणि मी पळू?"

हे वाक्य मी माझ्या कानांनी ऐकलं होतं. पुढे जे केलं ते हे ऐकलेलं असून केलं.

त्या वर्षी उत्तरेकडे डोंगरात लढाई होऊन गेली होती. टीव्हीवर शवपेट्या दिसत होत्या, गल्लीत बॅनर लागले होते. गणपतीला दीड महिना राहिला असताना मंडळाची बैठक झाली. आमच्या मंडळाचे अध्यक्ष, ज्यांना सगळे भाई म्हणत, ते म्हणाले, "दरवर्षी आपण राक्षस मारतो आणि बक्षीस बाजूच्या गल्लीला जातं. यंदा आपला हिरो घरचा. कॅप्टन! जिवंत माणूस आहे आपल्याकडे." सगळ्यांनी माझ्याकडे पाहिलं, कारण मी कार्यवाह होतो, लिहिणारा होतो आणि त्यांच्याकडे बसणारा एकटाच होतो.

मी विचारायला गेलो तेव्हा त्यांनी सुई खाली ठेवली. मग म्हणाले, "लिही. दोन गोष्टी सोडू नकोस. चौदा लिही. आणि उस्ताद लिही." एवढंच नव्हे, दुसऱ्या दिवशी त्यांनी ट्रंकेतून आपला जुना फौजी कोट काढून दिला, पुतळ्याला घालायला. कसर लागली होती तिथे आधी रफू करून दिला. त्या माणसाला मी एवढं उत्साहात कधी पाहिलं नव्हतं. रोज विचारायचे, "झालं का लिहून?"

लिहिलं होतं. खरं तेच लिहिलं होतं, आणि बरं लिहिलं होतं. बैठकीआधी भाईंना एकट्यांना वाचून दाखवायला लागलो आणि बनियनपाशी पोचलो तेव्हाच ते म्हणाले, "थांब थांब. सरेंडर? आपण सरेंडर दाखवणार? येडा झालास काय? पब्लिक चपला फेकेल."

"पण भाई, झालं तसंच..."

"झालं असेल रे." त्यांनी कागद ओढून पुढचं पान पाहिलं. "आणि पुढे काय, तो पाकिस्तानी जखमा धुतोय? ह्या वर्षी? मंडपाची काच नाही राहणार एक. तू कॅप्टनला पळव. मस्त भिंत चढव, पहारेकऱ्याला भोसक, तिरंगा फडकव. एवढं नाय जमत तुला?"

मला जमलं. एका दुपारी जमलं. खोटं सांगायचं तर मला भाग पाडलं, असं मी आजवर दोन-तीन जणांना सांगितलंय. खरं सांगायचं तर लिहिताना मजा आली. नवं लिखाण जुन्यापेक्षा पळतं होतं. बैठकीत टाळ्या पडल्या. कॅप्टनसाहेबांनी विचारलं तेव्हा मी म्हटलं, "थोडं कापावं लागलं, काका. बारा मिनिटांत बसवायचं असतं ना." ते म्हणाले, "कापाकापी चालेल. ते दोन राहू देत." मी मान हलवली. आमच्याकडे देखाव्याचा पडदा पहिल्या दिवसापर्यंत कोणाला उघडून दाखवत नाहीत, ती रीतच आहे. त्या रीतीचा मला मोठा आधार झाला.

पहिल्या दिवशी संध्याकाळी पाचला उद्घाटन. पहिल्या रांगेत कॅप्टनसाहेब, अंगात पांढरा सदरा, छातीवर पदकं. शाल झाली, श्रीफळ झालं. प्रमुख पाहुणे म्हणून मालिका काढणाऱ्या एका कंपनीतले गृहस्थ आले होते. पडदा सरकला, दिवे मंद झाले आणि माझाच आवाज कर्ण्यांतून सुरू झाला. कॅप्टनसाहेबांचा कोट घातलेला पुतळा पुढे सरकला. त्याच्या हातात पत्र्याची संगीन. समोर खाकी शर्टातला दाढीवाला पहारेकरी. संगीन त्याच्या पोटात गेली, लाल दिवा लागला, पहारेकरी मागे कलंडला. मागे तिरंगा वर चढला. लोकांनी शिट्ट्या वाजवल्या, कोणीतरी घोषणा दिली, आणि मोटर पुन्हा फिरून पहारेकरी पुढच्या वेळच्या मरणासाठी हळूहळू उठून उभा राहायला लागला.

कॅप्टनसाहेब उठले. मला वाटलं, बाहेर जातील. ते सरळ माइकपाशी गेले.

"हे असं झालं नाही," ते म्हणाले. "मी शरण गेलो होतो. ह्या माणसाने मला वाचवलं." त्यांनी बोट दाखवलं ते त्या उठणाऱ्या पुतळ्याकडे. "ह्याला मारू नका."

प्लास्टरच्या पुतळ्याचा जीव मागणारा माणूस लोकांनी कधी पाहिला नव्हता. भाईंनी येऊन त्यांच्या खांद्यावर हात ठेवला आणि माइक आपल्याकडे घेतला. "साहेबांनी फार सोसलंय, मंडळी. आपण समजून घेऊ. आमचा लेखक इथेच आहे." माइक माझ्या तोंडापुढे आला. "काय रे, साहेबांनी तुला असंच सांगितलं होतं ना?"

पाहुणे माझ्याकडे बघत होते. भाई बघत होते. कॅप्टनसाहेबही बघत होते, आणि मला स्पष्ट दिसलं की त्यांना अजिबात शंका नव्हती. मी काय बोलणार ह्याची त्यांना खात्री होती.

मी म्हटलं, "हो."

लोक चिडले असते तर बरं झालं असतं. कोणी चिडलं नाही. "बिचारे," असं दोन-चार ठिकाणांहून ऐकू आलं. कोणी बाईने लिंबाचं सरबत आणून दिलं. दोघांनी त्यांना दोन्ही बाजूंनी धरून घरी नेलं, जिन्याच्या प्रत्येक पायरीला "सांभाळून हं" म्हणत. ज्या माणसाने पंचवीस वर्षं तो जिना एका दमात चढला होता, त्याला.

मी घरी गेलो नाही. वर गच्चीवर जाऊन टाकीमागे बसलो. साडेसात वाजले. खालून आवाज आला, "किती?" एकेका दारातून उत्तरं आली, पण सूर बदललेला होता. लहान मुलाची समजूत काढावी तशी माणसं म्हणत होती, "हो हो कॅप्टन, आहेत हं सगळे." शेवटी ते थांबले. "एकवीस," ते म्हणाले. "एक कमी."

आईचा आवाज आला, "कॅप्टन, तुमी जेवा. येतलो तो."

"आला की जेवतो."

मी तासभर वर बसून राहिलो. मग खाली उतरलो. ते जिन्याच्या तोंडाशी स्टुलावर बसले होते. माझ्या चेहऱ्याकडे त्यांनी पाहिलं नाही. पायांकडे पाहिलं, उभे राहिले, टाच जुळवली. "बावीस. बरोबर," म्हणाले आणि आत जाऊन त्यांनी ताट ओढून घेतलं. घरी आईने मला भात वाढला. ती मंडपात बायकांच्या रांगेत होती. "तू खोटा बोललंस," ती म्हणाली. मी काही म्हणायच्या आधीच म्हणाली, "जेव आता."

ते दहा दिवस मला आठवतात ते त्या खाकी शर्टासाठी. पत्र्याची संगीन दर बारा मिनिटांनी पहारेकऱ्याच्या पोटाला लागायची आणि शर्ट फाटायचा. तिसऱ्या दिवशी देखावेवाला मला म्हणाला, "शर्ट बदलला काय रे? काल हे एवढं भोक होतं." मी जाऊन पाहिलं. भोक नव्हतं. चौथ्या दिवशी सकाळी पूजेची फुलं घेऊन मी लवकर मंडपात गेलो. पडद्याच्या फटीतून आत उजेड दिसला. मोटर बंद होती, पहारेकरी धड पडलेला नाही, धड उभा नाही, असा अर्धवट कललेला होता. त्याच्यासमोर स्टूल टाकून कॅप्टनसाहेब बसले होते, नाकावर चष्मा, हातात सुई. शर्टाच्या खालच्या दुमडीतून त्यांनी धागा काढला होता. गाठ मारून झाल्यावर त्यांनी तो शर्ट हाताने सारखा केला आणि हळूच म्हणाले, "बस, उस्ताद. हो गया."

मी फुलांची पिशवी घेऊन तसाच मागे फिरलो. पूजेला उशीर झाला. फुलवाला उशिरा आला, असं सांगितलं. तेही खोटंच.

आम्हाला दुसरं बक्षीस मिळालं. चाळीतल्या बायकांनी रफूला कपडे देणं बंद केलं. मुद्दाम नाही, "डोकं ठिकाणावर नसलेल्या माणसाच्या हाती सुई-कात्री कशाला," एवढंच. आणि त्या पाहुण्यांनी मला बोलावून घेतलं. "तुझ्या लिखाणाला वेग आहे," म्हणाले. आज मी ज्या धंद्यात आहे, शीवची जागा ज्या धंद्यावर घेतली, तो तिथून सुरू झाला.

नोकरीचे पेढे घेऊन मी त्यांच्याकडे गेलो. माफी मागायची असं ठरवूनच गेलो होतो. दार उघडंच होतं.

"किती जण?"

"एकटाच."

"बस. ती शिवण उसवलीय बघ मागे. काढ पँट."

मी म्हटलं, राहू दे. ते हात पुढे करून उभेच राहिले. शेवटी त्यांचा टॉवेल गुंडाळून मी खाटेवर बसलो आणि ते माझी पँट घेऊन खिडकीशी. टॉवेल गुंडाळून माफी मागता येत नाही. निदान मला आली नाही. कपडे असते तर मागितली असती का, हेही आता मी छातीवर हात ठेवून सांगू शकत नाही. मग मान वर न करता ते म्हणाले, "मला शूर केलंस, समजलो. उस्तादला मारलंस. मंडळाचा नाइलाज असेल, तेही समजलो." धागा ओढला. "पण मला एकट्याला पळवलंस. माझे चौदा कुठे ठेवलेस?"

मी हे लिहिताना एकदाही मनात आणलं नव्हतं. माझ्या गोष्टीत चौदा नव्हतेच. शरण जाऊन त्यांनी चौदा पोरं घरी आणली होती, आणि मी त्यांना हिरो करायच्या नादात ती पोरं शत्रूच्या हाती टाकून पळालेला अधिकारी केलं होतं. ते मंडपात का उठले, हे मला तेव्हा कळलं.

त्यांनी पँट दिली. "शोध," म्हणाले नाहीत. पेढा घेतला, अर्धा खाल्ला, अर्धा वाटीखाली ठेवला.

पुढे मी चाळ सोडली. जाणं कमी झालं, मग बंद झालं. आई होती तोवर सांगायची, कॅप्टन अजून बावीसच म्हणतात, तुला 'बाहेर, कामावर' धरतात. टॉवरचं काम सुरू व्हायच्या आधीच्या वर्षी ते गेले. दुपारची वेळ होती, स्मशानात चाळीतले दहा-बारा जण आले होते, भाई थकले होते म्हणून आले नव्हते (पुढच्याच वर्षी तेही गेले). तेवढ्यात फाटकातून अनोळखी म्हातारे आत आले. कोणाच्या डोक्यावर गांधी टोपी, कोणाच्या हातात काठी, एकाला मुलाने धरून आणलेलं. सातारा, कोल्हापूर, कुठून कुठून आले होते. कोणी न सांगता ते एका रांगेत उभे राहिले, आणि माझ्या लक्षात आलं की मी त्यांना मोजतोय. नऊ होते.

सर्वांत टोकाचा म्हातारा माझ्या शेजारी होता. मी विचारलं, "बाकीचे?"

"पाच आधीच गेले," तो म्हणाला. "पण आपापल्या घरी गेले, पोराबाळांत. साहेबांनी एवढं केलं आमचं." मग म्हणाला, "तिकडं एक म्हातारा हवालदार यायचा गाडीतून. उतरला की पहिलं आम्हाला मोजायचा. का मोजतोय कळायचं नाही. साहेबांनी नंतर सांगितलं, माझ्यासाठी मोजायचा." सलाम करून झाल्यावर त्याने मला विचारलं, "तुम्ही साहेबांचे कोण?"

मी म्हटलं, "शेजारी."

सांगायची तीही एक वेळ होती. चाळीतले दहा-बारा जण दहा पावलांवर उभे होते, साक्षीदार नऊ होते. मी कोणाला हाक मारली नाही.

आज सकाळी मी कार्यवाहला फोन केला. म्हटलं, पान अकरावरचं ते वाक्य काढ. कॅप्टनसाहेबांचं डोकं शेवटपर्यंत ठिकाणावर होतं. देखावा खोटा होता, तो मी रचला होता, आणि ते खरं बोलत होते तेव्हा मी खोटं बोललो. तुला लिहून पाठवतो, जेवढं मावेल तेवढं छाप. कापायचं असेल ते काप, चौदा कापू नकोस, उस्ताद कापू नकोस. खाली माझं पूर्ण नाव घाल, तिसरा मजला, खोली नंबर एकोणीस, हेही घाल.

ती म्हणाली, "मी तेव्हा सहा वर्षांची होते, काका. आई मला त्यांच्या खोलीत जाऊ द्यायची नाही, म्हणायची, त्यांना भ्रम होतो. मी त्यांना बघून पळायचे. ते गिनतीला आले की मी पलंगाखाली लपायचे, आणि ते मला मोजूनच पुढे जायचे." मग तिने विचारलं, "तुम्ही म्हणताय ते खरंच असं झालं होतं?"

मी म्हटलं, "हो."